वासोट्याची वाट: एकच दार, तेही पाण्याचे

सह्याद्रीतल्या गाजलेल्या ट्रेकची अवस्था सांगायला आता नवे काही उरलेले नाही. पावसाळ्यातल्या शनिवारी रात्री कळसूबाईच्या पायथ्याला गाड्या लावायला जागा नसते, शिड्यांवर रांग लागते, आणि हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर तंबूंचे गाव वसते. सोमवारी सकाळी मागे राहतात ते मॅगीचे कागद आणि पाण्याच्या बाटल्या. कळसूबाई–हरिश्चंद्रगड हे १९८६ पासूनचे अभयारण्य आहे. तिथे वन्यजीव कायदा लागू आहे, वनरक्षक आहेत, पाट्याही आहेत.

सातारा जिल्ह्यातला वासोटा किल्ला यांच्याइतकाच प्रसिद्ध. पुणे-मुंबईच्या कुठल्याही ट्रेकिंग ग्रुपचे हिवाळ्याचे वेळापत्रक काढा, त्यात तो असतोच. तरीही पायथ्यापासून माथ्यापर्यंतचे जंगल दाट आहे, वाटेत कचरा नजरेत भरण्याइतका नाही, आणि गव्याचे ताजे शेण पायाखाली येणे ही तिथे बातमी होत नाही. असे का, हा या प्रकरणाचा प्रश्न.

‘तिथले फॉरेस्टवाले कडक आहेत’ हे ठरलेले उत्तर मला अपुरे वाटते. कडक माणसे बदलून जातात. बाकीच्या अभयारण्यांतही कडक अधिकारी येऊन गेले आणि त्यांच्यानंतर सगळे मूळपदावर आले. वासोट्याचे उत्तर माणसांपेक्षा जागेच्या रचनेत आहे. ती रचना कुणी जंगलासाठी आखलेली नव्हती, हा या प्रकरणातला सर्वांत महत्त्वाचा आणि थोडा अडचणीचा भाग.

जागा

साताऱ्याहून कास पठारावरून पुढे गेलो की रस्ता बामणोलीला पाण्याशी येऊन थांबतो. समोर शिवसागर, म्हणजे कोयना धरणाचा जलाशय. त्याच्या पलीकडे सह्याद्रीची मुख्य रांग, आणि रांगेच्या अगदी कडेवर वासोटा. किल्ल्याची पूर्वेची बाजू जंगलातून उतरत पाण्यापर्यंत येते, पश्चिमेची बाजू थेट कोकणात कोसळते. त्या बाजूचा बाबूकडा पाहताना पोटात गोळा येतो. नालेच्या आकारात वळलेली ताशीव भिंत, खाली खेड तालुक्यातले जंगल, आणि हवा स्वच्छ असेल तर पार रसाळगड-महिपतगडापर्यंत नजर जाते.

कोयना अभयारण्य १९८५ चे, क्षेत्र सुमारे ४२३ चौरस किलोमीटर. दक्षिणेला चांदोलीचे जंगल, जे २००४ मध्ये राष्ट्रीय उद्यान झाले, सुमारे ३१७ चौरस किलोमीटरचे. या दोन्हींना धरून २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प जाहीर झाला. एकूण क्षेत्र सुमारे ११६५ चौरस किलोमीटर, त्यात कोअर, म्हणजे आतला राखीव गाभा, सुमारे ६००, बाकी त्याभोवतीचा बफर. सातारा, सांगली, कोल्हापूर आणि रत्नागिरी अशा चार जिल्ह्यांत तो पसरला आहे. २०१२ मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटातली ३९ ठिकाणे जागतिक वारशात घेतली, त्यात महाराष्ट्रातली चार: कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी. म्हणजे बामणोलीकडे जाणारा माणूस वाटेत एक वारसास्थळ ओलांडून दुसऱ्यात शिरतो. बहुतेकांना त्याचा पत्ता नसतो, आणि त्यावाचून त्यांचे अडतही नाही.

किल्ल्याचा इतिहास इथे लांबवत नाही. एकच गोष्ट कामाची आहे: वासोट्याचा उपयोग बराच काळ तुरुंग म्हणून झाला. १६६१ मध्ये राजापूरच्या वखारीतल्या इंग्रजांना शिवाजी महाराजांनी पकडले, त्यांतले काही इथे होते. पेशवाईच्या अखेरीस साताऱ्याच्या छत्रपतींच्या कुटुंबाला इथेच ठेवले होते. १८१८ च्या एप्रिलात इंग्रजांनी शेजारच्या जुन्या वासोट्यावर तोफा चढवल्या, तेव्हा किल्ला पडला. त्याआधी ताई तेलिणीने तो पेशव्यांचे सेनापती बापू गोखले यांच्याविरुद्ध लढवला होता. जिथे सहज जाता येत नाही आणि जिथून सहज निघता येत नाही, अशी ही जागा धरणाच्या कितीतरी आधीपासून होती. धरणाने त्या अडचणीत आणखी भर घातली.

जंगल कसे झाले

कोयनेचे पाणी साठ्याला लागले ते १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला. कोयना, सोळशी आणि कांदाटी या खोऱ्यांतली शेते, देवळे आणि गावठाणे पाण्याखाली गेली. माणसे सोलापूर, सांगली, रायगड, ठाण्याकडे पांगली, काही चढावर सरकून तिथेच राहिली, आणि पुष्कळ घरांतला एक तरी कर्ता मुंबईला गेला. आज जलाशयाची क्षमता १०५ टीएमसी (अब्ज घनफूट) आहे, पाणी बोगद्यांतून पश्चिमेला पोफळीकडे पाडून वीज केली जाते, आणि राज्याची संध्याकाळची मागणी चढली की तिचा मोठा भार कोयनाच उचलते. ज्यांच्या जमिनीवर हे उभे राहिले त्यांतल्या अनेकांचे पुनर्वसन साठ वर्षांनंतरही पुरते झालेले नाही. श्रमिक मुक्ती दल आणि डॉ. भारत पाटणकर यांच्या नेतृत्वाखाली कोयना धरणग्रस्तांनी वर्षानुवर्षे जी ठिय्या आंदोलने केली, ती याचसाठी.

पाणी आल्यावर पश्चिम काठाचा जमिनीवरून असलेला संपर्क तुटला. गुरांचे कळप कमी झाले, कुमरी, म्हणजे जंगल तोडून केलेली फिरती शेती थांबली, लाकूड वाहून आणायला गाडीरस्ता राहिला नाही. पुढे अभयारण्य झाले आणि उरलेल्यांपैकी काही गावे आणखी उठली. वासोट्याच्या पायथ्याचे मेट इंदवली हे असेच एक उठलेले गाव. आज तिथे वन विभागाची चौकी आहे, जवळ एक मंदिर आहे, आणि झाडीत नीट पाहिले तर जोत्यांचे दगड दिसतात. वरच्या उतारावर हिरडा, जांभूळ, अंजनी, पिसा, खाली कारवी. या झाडीचे वय अनेक ठिकाणी धरणाइतकेच असावे, असा माझा अंदाज आहे. खोडांची जाडी पाहिली की तसे वाटते.

तेव्हा या जंगलाला ‘अनादि’, ‘अस्पर्श’ वगैरे म्हणणे मला पटत नाही. इथे नांगर चालला आहे, पालख्या निघाल्या आहेत. जंगल परत आले, कारण माणसांना जावे लागले. पर्यटनाच्या पत्रकांत ‘मिनी काश्मीर’ असते, हे वाक्य नसते.

दार कसे चालते

बामणोलीला पोचल्यावर पहिले काम वन कार्यालयात. ग्रुपची नावे, ओळखपत्र, प्रवेश शुल्क, परवाना. मग बोट. बोटी स्थानिक मंडळींच्या, भाडे ग्रुपमागे, एका बोटीत साधारण दहा-बारा माणसे. पाण्यावरचा प्रवास तास-सव्वा तासाचा, जलाशय भरलेला असेल तर. उन्हाळ्याकडे पाणी ओसरते, मग बोट अलीकडेच टेकते आणि भेगाळलेल्या गाळातून चालत चौकी गाठावी लागते. त्याच गाळावर, पाणी उतरेल तसतशी, काठचे लोक गाळपेर करतात.

चौकीवर जे घडते ते बारकाईने पाहण्याजोगे आहे. सॅक उघडायची. गार्ड प्लास्टिक मोजतो: पाण्याच्या बाटल्या किती, बिस्किटाचे पुडे किती, फरसाणाची पिशवी, चिक्कीचा कागद, पोंचो गुंडाळलेली कॅरीबॅग. आकडा वहीत जातो, ग्रुप लीडरची सही होते, डिपॉझिट जमा होते. परत येताना तेवढेच नग दाखवायचे आणि पैसे घेऊन जायचे. पहिल्यांदा येणारे यावर हसतात. चढाच्या मध्यावर मात्र तीच मंडळी एकमेकांना विचारताना ऐकू येतात, ‘अरे, तो पार्लेचा कागद कुणाकडे आहे?’ डिपॉझिटची रक्कम काही मोठी नसते. पण आपला कचरा कुणीतरी नगावर मोजून घेतला आहे, एवढ्याने माणूस बदलतो. मी मी म्हणणारे इन्स्टाग्रामवीरसुद्धा रिकामी बाटली सॅकला लटकवून उतरतात.

पुढची वाट सरळ आहे. ओढा, मग झाडीतला चढ, मध्ये एक फाटा. तिथून एक वाट नागेश्वराच्या गुहेकडे, दुसरी किल्ल्यावर. शेवटी झाडी विरळ होते, कातळातल्या पायऱ्या, पडके दरवाजे, आणि समोर छप्पर नसलेला मारुती. दोन-अडीच तासांचे काम. वर मुक्कामाला बंदी आहे. हंगाम साधारण ऑक्टोबरच्या मध्यापासून उन्हाळ्यापर्यंत, आणि पावसाळ्यात वाट बंद. ऑक्टोबरात येणाऱ्यांनी जळवांसाठी मीठ-तंबाखूची पुरचुंडी बरोबर ठेवावी.

आता यातले काय कामी येते ते पाहू. नियमांची यादी काढली तर तीत नवे काही नाही. परवाना, शुल्क, प्लास्टिकबंदी, मुक्कामबंदी हे सगळे इतरत्रही कागदावर असते. हरिश्चंद्रगडावर पाचनईतून चढता येते, खिरेश्वरातून येते, धाडसी मंडळी नळीच्या वाटेने येतात, आणि आणखीही वाटा आहेत. दहा वाटांवर दहा नाके बसवणे कुठल्याच खात्याच्या आवाक्यातले नाही. एक नाका बसवला तर लोक दुसरी वाट धरतात, आणि ज्या गावातली वाट बंद होते त्या गावाचा चहा-भाकरीचा धंदा बुडतो, म्हणून गावही नाक्याच्या विरोधात जाते.

वासोट्याला पूर्वेकडून येणाऱ्यांसाठी दार एकच, आणि ते चुकवून जाता येत नाही, कारण ते पाणी आहे.

दुसरे, वेळ. ग्रुपला सोडून बोट चौकीखाली थांबते आणि बोटवाला उतरतानाच सांगून ठेवतो की अमुक वाजेपर्यंत खाली या. अंधारात जलाशयावर बोट घालायला तो तयार नसतो, आणि उशीर करणाऱ्या ग्रुपला तो जे ऐकवतो ते वन खात्याच्या कुठल्याही परिपत्रकापेक्षा परिणामकारक असते. रात्री गडावर राहू नये ही पाटी असते हरिश्चंद्रगडासारख्या ठिकाणी. इथे राहिलात तर घरी जायची सोय संपते.

तिसरे, आणि माझ्या मते सगळ्यांत वजनाचे: या दाराशी ज्यांचे पोट बांधलेले आहे ते लोक दाराच्या बाजूने आहेत. बोटवाले, जेवण करून देणाऱ्या घरच्या बाया, तंबू भाड्याने देणारी पोरे यांचा सगळा धंदा बामणोलीच्या काठावर आहे, पलीकडच्या जंगलात नाही. पलीकडे कुणी टपरी टाकली, मुक्काम सुरू केला, तर या काठाचे नुकसान. गडावर मुक्काम नाही म्हणून ग्रुप आदल्या रात्री बामणोलीत उतरतात, चुलीवरची भाकरी-पिठले खातात, सकाळी पहिली बोट धरतात. बंदीमुळे गावाचे उत्पन्न वाढते, असे महाराष्ट्रातल्या किती अभयारण्यांबद्दल म्हणता येईल?

चौथा परिणाम थोडा अनपेक्षित आहे. बोटीचा खर्च ग्रुपमागे असल्यामुळे एकटादुकटा माणूस येत नाही, आणि वाटेवर माणसे टप्प्याटप्प्याने सुटतात. एका बोटीचे लोक वर पोचतात तेव्हा दुसऱ्या बोटीचे चौकीवर सॅक उघडून बसलेले असतात. गर्दीच्या रविवारीही मधला तासभर वाट शांत मिळू शकते, आणि भेकराचे भुंकणे ऐकायला तेवढी शांतता लागतेच.

त्याच रस्त्यावरच्या कासशी तुलना केली तर फरक लख्ख दिसतो. कासला फुलांच्या हंगामात रोजच्या संख्येवर मर्यादा आली, ऑनलाइन बुकिंग आले, आणि सुरुवातीला तारेचे कुंपणही घातले गेले. कुंपणामुळे गुरांची चराई आणि जनावरांची ये-जा थांबली, त्यावरून अभ्यासकांत आणि गावकऱ्यांत बराच वाद झाला. कारण पठार चारी बाजूंनी उघडे. तिथे दार बांधावे लागले, आणि बांधलेल्या दाराची दुखणी वेगळी असतात.

किंमत कोण देते

पर्यटकाला जो तासाभराचा जलविहार वाटतो तो पलीकडच्या काठावरच्या माणसाचा रोजचा रस्ता आहे. कांदाटी खोऱ्यातल्या गावांना दवाखान्यासाठी, बाजारासाठी, पुढच्या शाळेसाठी पाणी ओलांडावे लागते. पावसाळ्यात वारा उठला की लाँच बंद, मग अडलेली बाळंतीण आणि साप चावलेला माणूस दोघांनाही वारा पडण्याची वाट पाहावी लागते. पाण्याचे दार जंगलाला राखते हे खरे, पण ते दोन्ही बाजूंनी बंद होते. आपण हौशी लोक ‘तिकडे पूल नको’ असे सहज म्हणून जातो, तेव्हा ते कुणाच्या जिवावर म्हणतो याचा विचार करायला हवा.

तिथल्या माणसाला बिबट्या, गवा, अस्वल यांच्यासोबत राहायचे असते. गव्याचा कळप एका रात्रीत नाचणीचे वावर सपाट करतो. भरपाईची तरतूद आहे, पण पंचनाम्यासाठी माणूस यायचा तर तोही बोटीनेच.

मागचे दार

एवढे सांगून झाल्यावर कबूल करायला हवे की दार एकच आहे हे विधान पूर्वेपुरतेच खरे आहे. पश्चिमेकडून, खेड तालुक्यातल्या चोरवणे गावातून, एक वाट थेट नागेश्वराच्या गुहेपाशी चढते. वाट खडी आहे, दमछाक करणारी आहे, पण जुनी आहे. महाशिवरात्रीला कोकणातले भाविक याच वाटेने नागेश्वराला येतात, त्यांचे आजे-पणजेही असेच आले. वासोटा, नागेश्वर आणि चोरवणे असा आरपार ट्रेक करणारेही आहेत.

या वाटेला पाणी आडवे येत नाही. इथे बोटवाला नाही, चौकीवरची नगांची वही नाही. तरी ती आजवर फारशी बिघडलेली नाही, यामागे दोन कारणे दिसतात. एक म्हणजे चढ. दुसरे म्हणजे वर्षातला एक दिवस सोडला तर तिकडे फारसे कुणी फिरकत नाही. पहिले कारण टिकाऊ आहे, दुसरे नाही. एखादी व्हिडिओ क्लिप गाजायचा अवकाश, आणि उन्हाळी शनिवारी चोरवण्यात बस उभ्या राहतील. बरे, यात्रेकरूंना अडवणे हा उपाय होऊ शकत नाही. देवाच्या वाटेवर परवाना मागितला तर पहिल्याच वर्षी भांडण होईल, आणि व्हायलाही हवे. यात्रा आणि ट्रेक वेगळे काढूनच तिथे काहीतरी ठरवावे लागेल.

व्याघ्रगडाला वाघ

शिवकाळात या किल्ल्याला व्याघ्रगड म्हटले गेले. व्याघ्र प्रकल्पाला मात्र जाहीर झाल्यापासून कितीतरी वर्षे कायम राहणारा वाघ नव्हता, यावरून टवाळीही खूप झाली. मे २०१८ मध्ये चांदोलीत कॅमेरा ट्रॅपमध्ये एक वाघ दिसला. त्यानंतर डिसेंबर २०२३ मध्ये एका नराचे छायाचित्र मिळाले, आणि पुढे आणखी दोन नर नोंदले गेले. त्यांतला एक २०२२ मध्ये राधानगरीत टिपला गेला होता. म्हणजे तो सह्याद्रीच्या कण्यावरून उत्तरेला चालत आला.

हा कणा समजून घ्यायला हवा. कर्नाटकातले काळी, गोव्यातले म्हादई, मग तिलारी, आंबोली, राधानगरी आणि शेवटी चांदोली-कोयना अशी ही साखळी. वाघांचा कायमचा वावर दक्षिणेला, आणि तरुण नर नवी हद्द शोधत वर सरकतात. मादी सहसा इतकी लांब जात नाही, म्हणून इथे नर पोचत होते आणि पिल्ले होत नव्हती. साखळीची एखादी कडी तुटली तर नरही येणे थांबेल. जानेवारी २०२० मध्ये गोव्याच्या सत्तरी तालुक्यात एक वाघीण आणि तिची पिल्ले विषप्रयोगाने मेली. ती बातमी साताऱ्याची म्हणून कुणी वाचली नाही, पण ती साताऱ्याचीही होती.

केंद्राने ताडोबा आणि पेंचमधून आठ वाघ इथे आणायला मंजुरी दिली, तीन नर आणि पाच माद्या. त्याआधी सागरेश्वर आणि कात्रजहून चितळ आणून सोडले गेले, कारण सांबर, भेकर आणि गवे असले तरी भक्ष्याची घनता ताडोब्याच्या जवळपासही नाही. उठलेल्या गावांच्या जागी तयार झालेली कुरणे झुडपांनी भरू न देणे हाही त्याच तयारीचा भाग. नोव्हेंबर २०२५ मध्ये ताडोब्याची चंदा ही वाघीण चांदोलीत आणली, काही दिवस बंदिस्त कुरणात ठेवली, मग मोकळी सोडली. इथे तिचे नाव तारा.

चांदोली दक्षिणेला, वासोटा उत्तरेच्या टोकाकडे. मध्ये हेळवाकची पट्टी, कराड-चिपळूण महामार्ग, पाटणच्या सड्यांवरच्या पवनचक्क्या. तरीही वाघाला वासोट्यापर्यंत यायला कुणाची परवानगी लागत नाही. आणि इथे या प्रकरणातला खरा पेच सुरू होतो.

ताडोब्यात पर्यटक जिप्सीतून खाली पाय ठेवू शकत नाही. वासोट्याला कोअरच्या हद्दीत माणसे पायी चालतात, ती जोडून सुट्ट्या आल्या की शेकड्यांनी. आजवर ते निभावले, कारण बिबट्या आणि अस्वल बहुधा माणसाची चाहूल लागताच बाजूला होतात. पिल्ले असलेल्या वाघिणीबद्दल तसे गृहीत धरता येत नाही. तेव्हा ‘वासोटा बंद करा’ ही मागणी येणार. ती आली की दुसरी बाजू ‘आमच्या पोटावर पाय देता’ म्हणणार, आणि दोघांचेही बरोबर असेल.

केरळातले पेरियार इथे उपयोगी पडते. तेही व्याघ्र प्रकल्प, तिथलाही जलाशय धरणाचाच, १८९५ च्या मुल्लपेरियारचा. तिथे लहान गटांना पायी आत नेतात, बरोबर वाटाडे आणि सशस्त्र वनरक्षक. वाटाड्यांतले कितीतरी जण पूर्वी त्याच जंगलात चोरटी शिकार आणि दालचिनीच्या सालीची चोरी करणारे. त्यांना जंगल ठाऊक होते, आता त्याच माहितीचा पगार मिळतो. वासोट्याला चोरट्यांची गरज नाही, धरणग्रस्तांची पोरे आहेत. या डोंगरातले पाणवठे आणि माग त्यांच्या घरात सांगितले जातात. बोट सुटताना ग्रुपबरोबर असा एक माणूस असणे सक्तीचे करावे, गट लहान ठेवावेत, आणि पहिल्या बोटीची वेळ उजाडल्यानंतर बरीच उशिरा न्यावी, कारण पहाटे आणि तिन्हीसांजेला जंगल जनावरांचे असते. कॅमेरा ट्रॅपमध्ये वाघिणीचा वावर दिसला तर तेवढ्या आठवड्यांपुरती वाट बंद, आणि त्या दिवसांची बोटवाल्यांना ठरलेली भरपाई. ही शेवटची अट राहून गेली तर बाकीच्या टिकणार नाहीत.

दार रुंद होते आहे

वाघ येईल तेव्हा येईल. पर्यटन मात्र आले आहे. २०२४ मध्ये याच जलाशयाच्या काठच्या मुनावळ्याला सरकारी जलपर्यटन केंद्र सुरू झाले, जेट स्की आणि वेगवान बोटींसकट. तापोळ्याच्या भागात जलाशयावर पुलांची कामे चालू आहेत. ‘नवीन महाबळेश्वर’ या गिरिस्थान प्रकल्पाच्या आराखड्यात सातारा, जावळी, पाटण आणि महाबळेश्वर तालुक्यांतली सुरुवातीला २३५ गावे घेतली गेली, आणि त्याच्या बातम्या आल्यापासून काठावरच्या जमिनींचे व्यवहार कुणी करायचे आणि कुणी गप्प बसायचे हे गावागावांत ठरू लागले आहे.

पुलांना विरोध करावा असे मला वाटत नाही, कारण वर लिहिले तेच: बाळंतीण लाँचची वाट पाहते. पण पूल झाला की वरची सगळी गणिते मोडतात, हे आत्ताच मान्य केलेले बरे. पूल माणसासाठी होतो आणि त्यावरून पहिल्या महिन्यात जातात त्या पर्यटकांच्या गाड्या. पलीकडच्या काठाने वासोट्याच्या दिशेला रस्ता सरकू लागला तर पाण्याचे दार नावापुरते राहील. मग हरिश्चंद्रगडासारखे दहा नाके, दहा वाटा, आणि त्याच त्या पाट्या.

ते टाळायचे तर आज जे पाणी फुकट करते आहे ते कागदावर आणावे लागेल. वासोटा आणि नागेश्वराला प्रवेश बोटीनेच, पश्चिम काठावरून गाडीने नाही, हे व्याघ्र प्रकल्पाच्या आराखड्यात स्पष्ट लिहून ठेवावे लागेल. पुलावर स्थानिकांच्या आणि रुग्णांच्या वाहनांना मोकळी वाट, पर्यटकांच्या गाड्यांना अलीकडे तळ. चोरवण्याच्या बाजूने महाशिवरात्रीची यात्रा अबाधित, बाकी दिवसांसाठी चोरवणेकरांच्याच हाती नाका, म्हणजे बामणोलीला जे मिळते ते त्यांनाही मिळेल. आणि जलाशयात दिवसाला किती बोटी सोडायच्या हा आकडा व्याघ्र प्रकल्प, जलसंपदा आणि बोटवाले यांनी एका टेबलावर बसून ठरवायचा, कारण आज तो कुणीच ठरवत नाही. धक्क्यावर जितक्या बोटी उभ्या, तितकी वासोट्याची गर्दी, आणि मुनावळ्यामुळे धक्केही वाढले आहेत.